स्वप्नमापकाला मी खोटं सांगितलं

माझ्या बायकोचं डावं मनगट मी मोडलं. झोपेत.

हे आधीच लिहून टाकतो, कारण आमच्या ओळीतल्या घरांमध्ये त्यावरून बरंच काही बोललं गेलं. मे महिना होता. जेवून मी कूलरसमोर दिवाणावर आडवा झालो होतो आणि शकुंतला दिवाणाच्या कडेला बसून तुरीची डाळ निवडत होती. मला जाग आली ती ताट पडल्याच्या आवाजानं. डाळ खोलीभर झाली होती. ती फरशीवर बसून, मनगट पोटाशी धरून माझ्याकडे पाहत होती. रडत नव्हती.

"अजी," ती म्हणाली, "कोनाले मारून राहिले होते?"

मला उत्तर माहीत होतं. मी म्हणालो, "काही आठवत नाही."

माझं वय अठ्ठ्याहत्तर आहे. ज्यांच्या घरी कोणी झोपेत हातपाय झाडतं, ओरडतं, पलंगावरून पडतं, त्यांना उपयोग व्हावा म्हणून हे लिहितो आहे. दुसरंही एक कारण आहे, ते पुढे येईल.

घरातला विनोद

त्या दुपारच्या आधी दोन-तीन वर्षं मी झोपेत हात फिरवायचो. मधूनच "पाणी पाय, पाणी पाय", म्हणजे पाणी पाहा, असं ओरडायचो. शकुंतला उशाशी तांब्या भरून ठेवायची. मुलगा प्रशांत हसायचा, "बाबा रिटायर झाले, पन ड्युटी सुटली नाही." मीही हसायचो. ही पहिली चूक. झोपेत कोणी असं करत असेल तर त्याचा विनोद करू नका, डॉक्टरकडे न्या.

मनगट मोडल्यावर मात्र कोणी हसलं नाही. प्लास्टर घालायला गेलो तेव्हा मी बाकावर बसलो होतो आणि पडद्याच्या मागे प्रशांत आईला हळूच विचारत होता, "आई, खरं सांग. बाबांनी हात उचलला का?"

"पागल झाला का तू?" शकुंतला म्हणाली. "पन्नास वर्सांत नाही उचलला, आता काहून उचलतीन?"

पण तिच्या आवाजात थोडी भीती होती. ती मी ऐकली.

रामदासपेठ

रामदासपेठेतल्या दवाखान्यात मेंदूच्या डॉक्टरबाईंनी आजाराचं नाव सांगितलं. ते लांबलचक आहे, लिहीत नाही. त्यांनी समजावलं ते असं : माणूस स्वप्न पाहतो तेव्हा शरीर त्याच्या हातापायांना कुलूप घालतं, म्हणून आपण स्वप्नात धावलो तरी पलंगावरच असतो. माझं ते कुलूप म्हातारपणी ढिलं झालं होतं.

"यात वेडेपणा नाही आणि कोणाचा दोषही नाही," त्या म्हणाल्या. "पण गोळ्या घ्याव्या लागतील, आणि दरवर्षी तपासणी. पुढे कंपवाताकडे जातोय का, हे पाहत राहावं लागतं."

शकुंतलाला त्यांनी वेगळं झोपायला सांगितलं. मला जमिनीवर गादी, आजूबाजूला टोकदार काही नको. पन्नास वर्षांनी आमच्या दोन गाद्या दोन खोल्यांत गेल्या. पहिल्या दिवशी तिनं प्लास्टरच्या हातानं माझी चादर ताणली आणि म्हणाली, "आता मारा कोनाले मारायचं ते. भिताडाले मारा."

मग डॉक्टरबाई म्हणाल्या, "गोळीचा डोस ठरवायला तुमची स्वप्नं मोजावी लागतील."

सपनमीटर

यंत्राचं नाव स्वप्नमापक. वॉर्डातले लोक त्याला सपनमीटर म्हणत. दिसायला फार काही नाही. डोक्याला जाळीची टोपी, हातापायांना पट्ट्या आणि शेजारी छोट्या फ्रिजएवढी एक पेटी. पडद्यावर स्वप्नाचा सिनेमा दिसतो असं अनेकांना वाटतं. तसं काही नसतं. स्वप्नात कोणता हात चालला, भीती किती होती, गरम वाटलं की गार, तोंडातून शब्द यायचे होते का, एवढंच यंत्राला कळतं. जाग आल्याबरोबर आपण स्वप्न सांगायचं. ते यंत्रात भरलं की यंत्र स्वतःच्या नोंदीशी ताडून पाहतं आणि शंभरपैकी किती जुळलं त्याचा आकडा देतं. त्याला जुळणी म्हणतात.

यंत्र एकच होतं आणि रांग मोठी. मला दुपारची वेळ मिळाली. आयुष्यभर पाळ्या केल्या असल्यानं मी कोणत्याही वेळी झोपू शकतो, हे ऐकून यंत्र चालवणाऱ्या मेश्राम मॅडम खूश झाल्या. पन्नाशीच्या बाई, आधी एक्स-रेवर होत्या. "काका, तुमच्यासारखे पेशंट पाहिजेत," त्या म्हणाल्या. "नाहीतर लोक इथं येऊन घंटाभर छत पाहत राह्यते."

टोपी घालताना त्या केसांत बोटं घालून पट्टी चिकटवायच्या आणि "थंडं लागलं का?" असं दर वेळी विचारायच्या. दवाखान्यातल्या दिवसांत अशा गोष्टी फार मोठ्या होतात.

पहिल्या दुपारी मला तेच स्वप्न पडलं, जे तीस वर्षांपासून पडत होतं. मेश्राम मॅडमनी पेन उघडलं. "सांगा काका."

मी म्हणालो, "कुत्रा मागे लागला होता. मी पळत होतो. मग पडलो."

पुढच्या आठवड्यात पुन्हा कुत्रा. तिसऱ्या आठवड्यात पुन्हा तोच कुत्रा. जुळणी आली सोळा, चौदा आणि सोळा.

आज वार कोणता

मी खोटं सांगितलं की यंत्र गप्प बसेल, फार तर डोस चुकेल, असं मला वाटलं होतं. तसं झालं नाही. जुळणी तीनदा एवढी कमी आली म्हणजे पेशंटला आत्ताच पाहिलेलं आठवत नाही, असा त्याचा अर्थ निघतो. डॉक्टरबाईंनी प्रशांतला बाहेर बोलावून घेतलं. स्मृती जाऊ लागली असावी, म्हणाल्या. आणखी एक आकडा असाच आला की त्या आजाराची औषधं सुरू करू.

घरी आल्यावर माझ्या स्कूटरची चावी खुंटीवरून नाहीशी झाली. स्वयंपाकघरातल्या डब्यांवर चिठ्ठ्या लागल्या : साखर, पोहे, चहा. शकुंतलाला लिहिता येत होतं ते उजव्या हातानं, हे आमचं नशीब. सकाळी चहा देताना ती सहज विचारल्यासारखं विचारू लागली.

"अजी, आज वार कोन्ता?"

"गुरुवार."

"आन् प्रशांतच्या लहानीचं नाव?"

"शकू, मला सगळं आठवतं."

"आठवते ना. मी कुठं म्हनून राहिली नाही आठवत?" असं म्हणून ती आत जायची आणि नळ सोडून उभी राहायची. नळाच्या आवाजाखाली ती रडते, हे मला माहीत होतं.

मला सगळं आठवत होतं. त्या घरात माझ्याइतकं कोणालाच आठवत नव्हतं. एक वाक्य बोललो असतो तर चिठ्ठ्या निघाल्या असत्या. मी ते वाक्य पंधरा दिवस बोललो नाही. मोडलेल्या मनगटापेक्षा मला या पंधरा दिवसांची लाज जास्त वाटते.

न हालणारं पाणी

दोन आठवड्यांनी, चौथ्या खेपेला, मेश्राम मॅडमनी टोपी लगेच घातली नाही. दार लोटून त्या समोर बसल्या.

"काका, एक विचारू? रागवाल नाही ना?"

"विचारा."

"मी रोज लोकायचे स्वप्नं लिहून राहिली. खऱ्या स्वप्नाची गोष्ट डगमगते. माणूस म्हणते, कुत्रा होता, नाही नाही, तो तर माझा मामा होता, आन् आम्ही घरात होतो पन ते घर आमचं नव्हतं. ज्याची आठवण जाते त्याची गोष्ट तर अजूनच डगमगते. तुमची तिन्ही वेळा जशीच्या तशी. जराही हालत नाही. मले तुमचा रिपोर्ट पटून नाही राहिला. तुमी पाहिलेलं सांगत नाही, काका. तुमी भरून राहिले."

'भरून' हा शब्द त्यांनी कुठून आणला मला माहीत नाही. मी चाळीस वर्षं तेच केलं होतं.

मी एका कारखान्यात बॉयलर हाउसचा शिफ्ट इन्चार्ज होतो. कारखाना आता उरलेला नाही, नाव लिहिण्यात अर्थ नाही. बॉयलरचं लॉगशीट असतं. दर तासाला वाफेचा दाब, पाण्याची पातळी असे आकडे त्यात लिहायचे. आमची रीत अशी की तासातासाला उठायचं नाही. एकदा बसून सगळ्या पाळीचे आकडे भरून टाकायचे. मी त्यात तरबेज होतो. कोणाला शंका येऊ नये म्हणून दाब थोडा वरखाली लिहायचा. पाण्याची पातळी मात्र नेहमी निम्मी.

बॉयलरच्या अंगावर एक काच असते, तिच्यात आतलं पाणी दिसतं. चालू बॉयलरच्या काचेतलं पाणी सारखं थोडं हालत असतं. ते हालेनासं झालं की समजायचं, नळी चोंदली आणि काच खोटं दाखवते आहे.

त्या दिवशी पहिली, दुपारी दोनला सुटणारी पाळी होती. सकाळी काचेत पाणी फार वर दिसलं म्हणून पाण्याचा व्हॉल्व्ह मी स्वतः अर्धा बंद केला आणि विसरलो. साडेअकराला सुखदेव माझ्या टेबलाशी आला. सुखदेव म्हणजे आमचा फायरमन, भट्टीत कोळसा टाकणारा, खापा गावचा.

"साहेब, काचेतलं पाणी हालून नाही राहिलं. काच साफ करून पाहू का?"

"थांब," मी म्हणालो. "हातातलं होऊ दे."

हातात लॉगशीट होतं. मी दोन वाजेपर्यंतचे आकडे भरत होतो.

एकच्या आधी पाणी संपलेल्या बॉयलरची नळी फुटली. आग आणि वाफ भट्टीच्या दारातून बाहेर आली. दारासमोर सुखदेव होता. लोक त्याला उचलून घेऊन धावले. मी मागे थांबलो. टेबलावरच्या शीटवर एक आणि दोन वाजताचे आकडे माझ्या अक्षरात लिहिलेले होते आणि अजून एकही वाजला नव्हता. मी कोरं शीट घेतलं आणि बारापर्यंतचे आकडे नव्यानं उतरवले. पाणी निम्मं, पाणी निम्मं, पाणी निम्मं. जळल्याचा वास तसाच होता. जुनं शीट मी दुसऱ्या बॉयलरच्या भट्टीत टाकलं.

चौकशीत व्हॉल्व्ह अर्धा बंद सापडल्याचं निघालं. मला विचारलं, कोणी केला? मी म्हणालो, "व्हॉल्व्हजवळ फायरमनच असतो." एवढंच. त्याचं नावसुद्धा घेतलं नाही. मी कोण आणि तो कोण, कोणाचं आडनाव काय, हे त्या खोलीत कोणी बोललं नाही, पण सगळ्यांना माहीत होतं. सुखदेवची नोकरी गेली. माझी राहिली, बढतीही झाली.

स्वप्नात मी त्या व्हॉल्व्हपर्यंत हात लांबवतो. तो फिरत नाही. मी सगळा जोर लावतो. शकुंतलाचं मनगट त्या जोरानं मोडलं.

हे सगळं मेश्राम मॅडमना मी खुर्चीवर बसून सांगितलं. त्यांनी पेन खाली ठेवलं होतं. शेवटी एवढंच म्हणाल्या, "बरं. आता झोपा. उठल्यावर जे दिसलं तेच सांगा."

त्या दुपारची जुळणी एक्क्याण्णव होती.

डॉक्टरबाई आणि शकुंतला

डॉक्टरबाई माझ्यावर भडकल्या, आणि त्यांचं बरोबर होतं. नको ती औषधं दुसऱ्याच दिवशी सुरू होणार होती. राग ओसरल्यावर मी त्यांना विचारलं, "हे त्या पापाचं फळ आहे का?"

"नाही," त्या म्हणाल्या. "कुलूप वयानं ढिलं होतं. तुम्ही संत असतात तरी झालं असतं, फक्त स्वप्न वेगळं पडलं असतं. आजाराला शिक्षा समजू नका. आणि मन मोकळं केलं म्हणून आजार जाईल असंही समजू नका. गोळी चुकवायची नाही."

हे मी मुद्दाम लिहितो, कारण आपल्याकडे आजारी माणूस आधी स्वतःचा गुन्हा शोधतो. माझ्याकडे गुन्हा होता, तरी आजार त्यामुळे झाला नाही.

शकुंतलाला सांगणं सगळ्यांत कठीण गेलं. ती ऐकत असताना डब्यांवरच्या चिठ्ठ्या एकेक काढत होती. शेवटची चिठ्ठी हातात धरून म्हणाली, "मी त्याले भेटाले दवाखान्यात गेली होती. आठवते? त्याची बायको बाहेर बसली होती. मी तिले म्हटलं, माणूस चुकते, तुमी मनाले लावून घेऊ नका." तिनं चिठ्ठी चुरगळली. "माझ्या तोंडून तुमी तुमचं खोटं वदवलं."

दोन दिवस ती माझ्याशी बोलली नाही. तिसऱ्या दिवशी चहा ठेवताना म्हणाली, "सुखदेवभाऊ खाप्यालेच राह्यते का अजून?"

मी आयुष्यात ज्यांचे उपकार घेतले त्यात या प्रश्नाचा नंबर पहिला आहे. ती मला सोडून देऊ शकली असती. ती माझ्याबरोबर गाडीत बसली.

खापा

प्रशांतनं गाडी चालवली. सुखदेव अंगणात खाटेवर बसला होता. नोकरी गेल्यावर त्यानं सायकल दुरुस्तीचं दुकान टाकलं होतं, आता तेही बंद. उजव्या हाताची दोन बोटं एकमेकांना चिकटलेली, मानेवरची कातडी ताणलेली. त्यानं मला लगेच ओळखलं.

"या साहेब. बसा. चहा घेता ना?"

मी बसलो नाही. उभ्यानंच सगळं सांगितलं. व्हॉल्व्ह, काच, शीट.

"मले माहीत हाये," तो म्हणाला. "चौकशीत पाह्यलं होतं मी ते शीट. त्याच्यावर कोळशाचा एक डाग नव्हता. सकाळपासून बॉयलरपाशी पडलेलं शीट एवढं साफ राह्यते का गा?"

'साहेब'वरून तो बरोबरीच्या माणसाला म्हणतात त्या 'गा'वर आला होता. मला बरं वाटलं.

"मग तू बोलला काहून नाही?"

"बोललो ना. सगळ्यायसमोर बोललो. हासले सारे."

दारात त्याची मुलगी वैशाली उभी होती, शाळेत शिक्षिका आहे. "काका, तुम्हाला हलकं वाटलं असेल," ती म्हणाली. "पण तुम्ही हे आम्हालाच सांगितलं, आणि आम्हाला ते माहीतच होतं. गावाला माहीत नाही. बाबा दुकानात ट्यूबमध्ये हवा भरायचे आणि लोक म्हणायचे, सुखदेव, व्हॉल्व्ह तरी नीट लाव बा, नाहीतर इथंही स्फोट होईन. मी शाळेतून यायची तेव्हा हे ऐकायची. तीस वर्षं. रविवारी विहारात वंदना असते, जुने सगळे लोक येतात. तिथं बोलाल?"

मी शकुंतलाकडे पाहिलं. त्यांची तब्येत बरी नसते, असं काहीतरी ती म्हणेल, अशी मला आशा होती.

"बोलतीन ना," शकुंतला म्हणाली. "काहून नाही बोलतीन?"

रविवार

आता माझी तब्येत सांगतो, म्हणजे वाचणाऱ्याला चुटपुट नको. गोळी लागू पडली आहे. मी अजून जमिनीवर झोपतो. स्वप्न महिन्यातून एखाद्या वेळी येतं. शकुंतलाचं मनगट जुळलं, पण पीठ मळताना दुखतं. पोळ्यांचं पीठ आता मी मळतो आणि ती नावं ठेवते. स्मृतीला काही झालेलं नाही. या सगळ्यासाठी मी डॉक्टरबाईंचा ऋणी आहे आणि मेश्राम मॅडमचा त्याहून जास्त. यंत्रानं आकडा दिला, पण त्या आकड्यावर विश्वास न ठेवणारं माणूस तिथं होतं म्हणून मी वाचलो.

त्या रविवारी खाप्याच्या विहारात चाळीस-पन्नास माणसं होती. वंदना झाल्यावर वैशालीनं माझं नाव सांगितलं आणि माइक माझ्याकडे दिला. मी सांगितलं की बॉयलरचा व्हॉल्व्ह मी बंद केला होता. सुखदेवनं मला आधी सावध केलं होतं आणि मी त्याला थांबवलं. शीट मी बदललं आणि चौकशीत खोटं बोललो. सुखदेवची काही चूक नव्हती.

पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्यानं विचारलं, "म्हंजे सुखदेवनं व्हॉल्व्ह बंद केलाच नव्हता?"

"नाही. मी केला होता."

तो म्हातारा मागे वळून पाहू लागला. मग सगळेच वळले. सुखदेव अगदी शेवटी, भिंतीला टेकून बसला होता. त्यानं चिकटलेल्या बोटांचा हात वर केला, वर्गात मूल करतं तसा.

"साहेब," तो म्हणाला, "मागं नीट ऐकू नाही आलं. पुन्हा एकदा सांगा. जोरानं."

मी माइक तोंडाजवळ घेतला आणि पहिल्यापासून सांगितलं.